खडकाची खूण

काल बाजारात बर्फावर भलामोठा गोब्रा मासा दिसला. तेव्हापासून जीव थाऱ्यावर नाही.

ऐंशीच्या दशकात मी कुणकेश्वरला मास्तर होतो. गावातल्या मच्छीमार बापू गळकऱ्यांनी एकदा होडीतून नेऊन नितळ पाण्यात, खडकाच्या कपारीत, माणसाएवढा गोब्रा दाखवला. म्हणाले, "ह्यो हयचो राखणदार, मास्तरानू. आमी हेका गळ घालनव नाय. खूण कोणाक सांगू नकात."

मी मान डोलावली आणि सोमवारी भूगोलाच्या तासाला फळ्यावर नकाशा काढला. देवळाचा कळस आणि टेकडीवरचा एकटा माड एका रेषेत आले की खाली खडक! पोरांनी घरी सांगितलं. आठवड्याभरात गोब्रा वाळूवर पडला होता.

गोब्रा आपली कपार सहसा सोडत नाही, हे पुढे वाचलं. म्हणजे पत्ता कळला की संपलंच. आणि तो पत्ता मी रंगीत खडूने लिहिला होता.