छापलेलं नाव

कबनूरला यंत्रमाग बंद पडतात तेव्हा कानांत आधी एक पोकळी उतरते. वीज गेली की गल्लीगल्लीतला तो खडखडाट, तिथल्या माणसांना श्वासासारखा अंगवळणी पडलेला, एका झटक्यात तुटतो. आणि त्याच्याखाली दबून राहिलेलं सगळं हळूहळू वर येतं, कावळे, लांबच्या मळ्यातली इंजिनाची धडधड, कुणाचं तरी रडणारं मूल, आणि सुतावर चढवलेल्या खळीचा आंबूस वास, जो आवाज चालू असताना जाणवतही नाही. माघ सरत आला होता. उसाचा पाला जाळलेल्या शेतांवरून धुरकट, मधाच्या रंगाचं ऊन गल्लीत तिरपं येत होतं. त्या उन्हात एक घर शोधत मी उभी होते आणि वीज गेली. मागांच्या गावात बोलणं ओरडूनच होतं, पण त्या क्षणी एका बाईचं वाक्य अर्ध्यावर उघडं पडलं, भर दुपारी, अंगावर वस्त्र नसल्यासारखं: "...तिच्या तांब्याला त्वांड लावू नगंस म्हंटलं न्हवं! घशात गाठ उठंल तुझ्या!"

समोरच्या दारात दहा-अकरा वर्षांची एक मुलगी पितळी तांब्या घेऊन उभी होती. तिने तांब्या खाली ठेवला नाही, ती आत पळाली नाही. गळ्याभोवतीची ओढणी तेवढी दुसऱ्या हाताने आणखी वर ओढून घेतली. मला घर विचारावं लागलं नाही.

ती रेहाना. मानेत गाठी आल्या तेव्हा गावाने आधी गंडमाळ म्हटलं, मग क्षय म्हटलं, आणि मुंबईच्या मोठ्या इस्पितळाने कर्करोग म्हटलं. बरा होऊ शकणारा, हेही त्यांनीच म्हटलं. पण तो शब्द एकदा कानावर पडला की पुढचं वाक्य ऐकायला माणूस जागेवर उरत नाही. वर्षभर आई तिच्याबरोबर मुंबईला राहिली. औषधं झाली, विजेचे शेक झाले, केस गेले, आणि एक दिवस डॉक्टरांनी सांगितलं की आता घरी जा. अशा घरी परतलेल्या मुलांकडे जात जा, असं कोल्हापुरातल्या एका वृद्ध डॉक्टरांनी आमच्या चळवळीतल्या गटाला सुचवलं होतं. "पोरं मुंबईहून बरी होऊन येतात आणि घरी येऊन वाळतात," ते म्हणाले होते. "जाऊन बसा त्यांच्याकडे. भाषणं देऊ नका. नुसतं बसा."

बसणं हे मला काम वाटत नसे. मी तेवीस वर्षांची होते. फीवाढीपासून पाणीटंचाईपर्यंत जगातल्या प्रत्येक अन्यायाला एक हस्तपत्रक पुरेसं असतं, अशी माझी पक्की समजूत होती. राग मला सहज यायचा, आणि राग आला की वाक्यं आपोआप आखूड व्हायची, त्यांच्या शेवटी उद्गारचिन्हं उगवायची. त्या दुपारचा राग मात्र मला आजही चुकीचा वाटत नाही. मूल मेलं असतं तर हीच गल्ली मयताला आली असती, चूल पेटू न देता तीन दिवस भाकरी पुरवली असती, आईच्या पाठीवरून हात फिरवला असता. मरणाच्या रीती आपल्याला तोंडपाठ आहेत. मरणाच्या दारातून परत आलेल्या मुलाला घरात कसं घ्यायचं, याची एकही रीत आपल्या बापजाद्यांनी सांगून ठेवलेली नाही. म्हणून आपण त्याचा तांब्या वेगळा काढतो.

"बसा की ताई," रेहानाची आई मरियमबी म्हणाली. मग जरा थांबून, "चा घेनार न्हवं? आमच्यातला?"

"का नाही घेणार?" मी गरजेपेक्षा मोठ्याने म्हणाले.

रेहानाचे वडील बाबालाल मागावरून उठून आले होते. केसांत कापसाचे तंतू अडकलेले, त्यामुळे तिशीतला माणूस म्हातारा दिसत होता. "डाक्टरनं बरी झाली म्हनून कागुद दिलाय," ते म्हणाले. "पर गल्लीला कागुद वाचाय येत न्हाय की ताई. हेडमास्तरला येतंय, पर त्यो म्हंतोय, पोरगी पडवीतच बसूं दे. वारं लागतंय तितं."

"वारं कुणाला लागतंय?" मरियमबी फणकारली. "हिला का त्यास्नी?"

मी शाळेत गेले. पडवीत खिडकीपाशी एक पोतं अंथरलेलं होतं आणि त्यावर रेहाना बसली होती. नवे केस बोटभर आले होते, मऊ, कुरळे, पूर्वी तिचे नव्हते तसे. शेकांनी मान एका बाजूला काळवंडली होती. पण ती एकटी नव्हती. वर्गातून पळून आलेली एक मुलगी तिच्या शेजारी गुडघे मुडपून बसली होती आणि दोघींच्या मध्ये चिंचेचं एक बुटुक मीठ लावून ठेवलेलं होतं. ती सुनंदा. गावात आणि शाळेत नवीनच आलेली, पलीकडच्या गल्लीतली.

"लई दुखलं आसंल न्हवं गं?" सुनंदा विचारत होती.

"पट्टा सोडतोय व्हय?" रेहाना जाणत्या बाईसारखी म्हणाली. "केस घावलं की वडतच ऱ्हातोय. मान भाजली बघ हितं. आब्बानं माग बंद केला म्हनून वाचले. मग समदं केस कापायच लागलं."

मला क्षणभर कळलं नाही आणि मग एकदम कळलं. मागाच्या फिरत्या पट्ट्यात केस अडकणं ही त्या गावात नवलाई नव्हती. तसे अपघात ऐकून माणसं चुकचुकत, हळहळत आणि पुढचं काही विचारत नसत. केस का गेले, मान का काळी पडली, वर्षभर शाळा का बुडली, या सगळ्याला पुरून उरेल अशी एक गोष्ट त्या पोरीने स्वतःच्या गावातूनच विणून काढली होती, आणि तिच्या आडोशाला एक मैत्रीण मिळवली होती. गल्लीला खरं ठाऊक होतं, मास्तरांना ठाऊक होतं. एका सुनंदाला ठाऊक नव्हतं. रेहानाचं पुन्हा मुलांत येणं तेवढ्या एका न ठाऊक असण्यावर उभं होतं.

आज हे मी लिहू शकते. तेव्हा मला फक्त खोटं दिसलं. शरमेने बोललेलं खोटं, समाजाने एका निरागस जिवाकडून बोलवून घेतलेलं खोटं, आणि माझं रक्त तापलं. तिला बाजूला घेऊन मी म्हणाले, "आजाराची लाज कशाला? लाज त्यांना वाटू दे." ती माझ्याकडे नुसती बघत राहिली. मान हलवली की नाही, आठवत नाही.

मजकूर मी कोल्हापूरला परतताना एस.टी.तच लिहिला. कर्करोग संसर्गाने होत नाही! एका तांब्यातून प्या, एका पाटावर जेवा! आणि शेवटी, ठळक टायपात: कबनूरच्या रेहानाला विचारा! नावाशिवाय पत्रक म्हणजे नुसता उपदेश, हे मला चळवळीने शिकवलं होतं. बाबालालना मी रीतसर विचारलं. "तुमाला बरं वाटंल तसं करा," ते म्हणाले, "तुमी शिकलेली मानसं." मरियमबी काही बोलली नाही, ते मी होकारात धरलं. तिला विचारा, असं मी हजार कागदांवर छापलं आणि स्वतः तिला विचारलं नाही. छापखान्यातून बाहेर पडताना गठ्ठा हातात गरम होता, ओल्या शाईचा तो उग्र, विजयी वास अंगाला येत होता, आणि फाल्गुनातल्या सकाळी पांगारा असा काही पेटला होता की मला वाटलं, ऋतूसुद्धा आमच्याच बाजूने आहे.

आम्ही जिंकलो, हे सांगायलाच हवं. बाजारच्या दिवशी पत्रकं वाटली, चार जाणत्या माणसांनी हेडमास्तरांना गाठलं, आणि त्याच आठवड्यात रेहाना वर्गात बाकावर बसली. पोतं उचललं गेलं. गटाच्या बैठकीत मी ही हकिगत उभं राहून सांगितली आणि टाळ्या घेतल्या.

उरलेली पत्रकं एका शेंगदाणेवाल्याने पुड्या बांधायला नेली होती. सुनंदाने शेंगदाणे खाल्ले, पुडी उलगडली आणि वाचलं. नुकतंच जोडाक्षरं नीट वाचायला लागलेलं मूल दिसेल तो कागद वाचतं. ती रोगाला भ्याली नाही. आमच्या पत्रकाने इतकं चोख काम केलं होतं की भिण्यासारखं काही उरलंच नव्हतं. ती रेहानाला एवढंच म्हणाली, "तू मला पट्टा म्हनलीस की गं." आणि दुसऱ्या बाकावर जाऊन बसली. नंतर ते शब्द शाळाभर झाले. रेहाना वर्गात आली की कुणीतरी मागून म्हणे, "पट्टा आला, पट्टा."

मी पुन्हा गेले तेव्हा रेहाना घरी चरख्यावर सुताच्या कांड्या भरत होती. शाळेत जाणं तिने सोडलं होतं. सूत तिच्या बोटांतून इतकं संथ सरकत होतं की ते कुठून येतंय आणि कुठं जातंय, दिसत नव्हतं. तिने चाक थांबवलं.

"ताई, आनी एक कागुद छापा की."

"कसला?"

"ती रेहाना ह्यी न्हवं म्हनून. दुसरी कुनीतरी हाय म्हनून लिवा. लई नगंत. सुनंदाच्या गल्लीत पुरतील तेवढंच."

माझ्यासमोर एक मूल बसलं होतं, आणि ज्या छपाईने त्याचं वाटोळं केलं तिच्यावरच विश्वास ठेवून ते दाद मागत होतं. छापलेलं खरं ठरतं, हे तिला माझ्यामुळेच समजलं होतं. आणि मी काय म्हणाले? ताठ मानेने, तत्त्वाच्या सगळ्या तेजासह मी म्हणाले, "आम्ही खोटं छापत नाही, रेहाना."

ती रडली नाही. चाकाला हात घालत म्हणाली, "त्यो रोग माझा हुता की."

त्यानंतर कित्येक दिवस मी उत्तरं रचली. समाजासाठी, पुढच्या मुलांसाठी, सत्यासाठी. सगळी बरोबर होती. एकही तिच्यासमोर जाऊन म्हणता येईल असं नव्हतं.

पावसाळा संपून वाफसा आला, शेतांवर तो दमट, गोडसर मातीचा वास पसरला, तेव्हा मी धीर करून गेले. रेहाना नव्हती. मरियमबीने दारातच सांगितलं, "नात्यात धाडली. तितं कुनाला कायबी म्हाईत न्हाय. शाळंत जातीया. केस वाढल्यात आता."

"कुठं?" माझ्या तोंडून गेलंच.

"त्येवढं इचारू नगासा ताई." ती रागावली नव्हती, ते सोपं गेलं असतं. लहान मुलाला विस्तवापासून बाजूला करावं तशी ती बोलली. "तुमी वाईट न्हाईसा. पर तुमास्नी सांगितलं की समद्यास्नी कळतंय."

वृद्ध डॉक्टरांना मी हे सांगितलं तेव्हा त्यांनी तिच्या मागच्या तपासणीची तारीख विचारली. मग म्हणाले की दर सहा महिन्यांनी मुंबईला तपासणी व्हायलाच हवी, अजून काही वर्षं. गाठ परत येते ती न सांगता येते. आता ते गाव शोधणं मला अवघड नव्हतं. नातेवाईक किती आणि कुठं असणार? दोन दिवस एस.टी.ने हिंडले असते तर मी तिच्या शाळेच्या दारात उभी असते. पण मी ज्या दारात उभी राहीन, तिथून तिचा आजार आत शिरेल, हे मला आता कळत होतं. आणि नाही गेले, आणि तपासणी चुकली, तर? दोन्हीकडे तीच पोर होती. शेवटी डॉक्टरांकडून पुढच्या तपासणीची तारीख एका कागदावर लिहून घेतली, वर नाव न घालता, आणि मरियमबीच्या हातात दिली. तिने तो पदराच्या गाठीत बांधला. नेईन म्हणाली नाही, नेणार नाही असंही म्हणाली नाही.

त्या तारखेच्या आदल्या सकाळी मी कोल्हापूरच्या एस.टी. स्टँडवर गेले. खरं तर मी जायला नको होतं. धुकं अजून छपरांवर रेंगाळत होतं, चहाच्या टपरीचा धूर त्यात मिसळत होता, आणि मुंबईच्या गाडीला खिडकीतून रुमाल टाकून जागा धरायची झोंबाझोंबी चालली होती. त्या गर्दीत मरियमबी दिसली. तिच्यापुढे गाडीच्या पायरीवर एक मुलगी चढत होती, पाठमोरी, मानेवर दोन आखूड वेण्या, लाल फितीच्या. मरियमबीने मला पाहिलं. तिच्या डोळ्यांत राग नव्हता, ओळखही नव्हती, फक्त एक विनवणी होती. ती मुलगी मागे वळण्याच्या बेतात होती.

मी पाठ फिरवली. भिंतीवर वेळापत्रकाचा मोठा फलक होता. त्याच्याकडे तोंड करून उभी राहिले. इंजिन सुरू झालं, घंटीची दोरी दोनदा ओढली गेली, कुणीतरी कुणाला तरी नीट जा म्हणालं, आणि गाडी माझ्या मागून निघून गेली. समोर पांढऱ्या अक्षरांत गावांची नावं होती, जवळची, लांबची, सीमेपलीकडची. त्यांतलं एखादं तिचं असेल. मी ती वाचत राहिले, आणि कुठल्याच नावावर थांबले नाही.