नाळेवरचं कासव

ही गोष्ट सांगायची मी बरीच वर्षं टाळली. कुवेतच्या आठवणी निघाल्या की मी शुवैखच्या वर्कशॉपमधल्या मेस्त्रींची नक्कल करायचो, लोक हसायचे आणि पुढचा भाग मी गाळायचो.

नक्कल सोपी होती. रंधा मारून झाला की मेस्त्री डोळे मिटून लाकडावरून अंगठा फिरवायचे. "बस की आता, कोण बघतंय?" असं कुणी म्हटलं तर डोळे न उघडता उत्तर यायचं, "पानी इचारील ना!" एकदा ऑफिसचं टेबल दुरुस्त करतानाही ते हेच म्हणाले. अशा माणसांना कामाशिवाय दुसरी भाषा नसते. तुम्हीही पाहिली असतील.

मेस्त्री रत्नागिरीकडच्या खाडीकाठचे मुसलमान, मी पुण्याचा ड्राफ्ट्समन. नव्वदीच्या दशकात, आखाती युद्धानंतर, बंदरातल्या लाँचेस दुरुस्तीला यायच्या. मी कागदावर भाग काढायचा, मेस्त्रींनी त्याचा लाकडी साचा करायचा. जेवताना सुकटाचा डबा उघडून ते विचारायचे, "पुणेकर, नाक धरू का तुमचा?" मग निम्मी सुकट माझ्याच पोळीवर यायची.

त्यांचा आजा पहिल्या महायुद्धात एका इंग्रजी विनाशिकेवर आगवाला होता, म्हणजे बॉयलरमध्ये कोळसा टाकणारा. पूर्वेकडून लढाईवर निघालेल्या त्या बोटीला माणसं कमी पडली, म्हणून मुंबईत काही कोकणी लोक घेतले. बोट लांबलचक आणि अरुंद, पत्रा पापडासारखा पातळ. मालवाहू बोटींच्या पुढेमागे धावून पाणबुड्यांपासून त्यांना राखायचं हे तिचं काम. एकदा त्यांतली एक मालवाहू बोट बुडाली तेव्हा पाण्यातली माणसं वर ओढायला खालून आगवाल्यांनाही बोलावलं. आजा सांगायचा, माणसं मागच्या बाजूने घेतली, कारण नाळेवर, म्हणजे बोटीच्या पुढच्या टोकाला, कासव होतं, तिथे पाय ठरत नसे.

गावात कुणाचाही यावर विश्वास नव्हता. "आगवाला कसला माणसं काढतो? तो तर तळात!" म्हणून लोक टिंगल करायचे. मेस्त्रींनी त्या बोटीची प्रतिकृती सागवानाच्या तुकड्यांतून वर्षभर खपून बनवली. आमच्या मराठी मंडळाच्या प्रदर्शनात ती मांडायची आणि फोटो गावी पाठवायचा, एवढीच त्यांची इच्छा होती.

प्रदर्शनाची जबाबदारी माझ्याकडे होती. मेस्त्रींच्या बोटीच्या नाळेवर सपाट डेक नव्हता, फुगीर पाठ होती. मी विचारलं, "हे काय?"

"कासव. आजा सांगायचा तसाच."

"कासव? मग पुढे देऊळ पण असेल बोटीवर!"

मंडळातले सगळे हसले. मी युद्धनौकांवरचं माझं पुस्तक उघडून दाखवलं. चित्रातल्या विनाशिकेची नाळ उंच आणि वरून सपाट होती. "मेस्त्री, तुमच्या आजानं थाप मारली. हे कापा, नाहीतर पाटीवर 'काल्पनिक' लिहावं लागेल."

मेस्त्रींनी चित्रातल्या नाळेवरून अंगठा फिरवला. मग म्हणाले, "तुमी शिकलेली मानसं. असंल." त्यांनी नाळ कापून सपाट केली. बोटीला बक्षीस मिळालं. फोटो मात्र त्यांनी गावी पाठवला नाही, आणि आजाचं नाव परत कधी काढलं नाही.

काही वर्षांनी ऑफिसात इंटरनेट आलं. एका संध्याकाळी मला एका जुन्या विनाशिकेचा आराखडा दिसला. सुरुवातीच्या विनाशिकांची नाळ अशीच असायची, लाटा घसरून जाव्यात म्हणून कासवाच्या पाठीसारखी. पण तशी नाळ लाटेत घुसायची आणि सगळे भिजायचे, म्हणून पुढे ती उंच आणि सपाट केली. माझं पुस्तक त्या पुढच्या बोटींचं होतं.

मी आराखडा छापून घेतला. मेस्त्री भिंतीपलीकडे रंधा मारत होते. उद्या सांगू, असं म्हणत मी दोन वर्षं काढली. ते कायमचे गावी निघाले तेव्हा निरोपाच्या भाषणात मी त्यांच्या हातांची स्तुती केली. आराखडा खिशातच होता.

गेल्या वर्षी एका मुलीचा फोन आला. "पुणेकरकाका ना? मी मेस्त्रींची नात. मी जहाजबांधणी शिकते. आजोबा पावसाच्या आधी गेले."

मी आजीची विचारपूस केली.

"त्यांच्या बोटीची गोष्ट मला आजीनं सांगितली. परवा वर्गात सरांनी जुन्या विनाशिकेचं चित्र दाखवलं आणि मी ओरडलेच, अहो सर, ही तर आमच्या घरची! काका, बरोबर ना? कासव होतं ना?"

"होतं," मी म्हटलं. "तुझ्या पणजोबांचे वडील खरंच बोलत होते."

ती इतकी हसली की मलाही हसू आलं. सुट्टीत ती आजोबांनी गावी नेलेल्या बोटीची नाळ पुन्हा कासवासारखी करणार आहे, आणि मग गावच्या शाळेत बोट ठेवणार आहे. मी तिला आराखडा पाठवला. तिच्या हातून ते काम नीट होईल, याची मला खात्री आहे.

त्या छापील कागदाच्या पाठीवर मी कुवेतमध्ये असतानाच एक ओळ लिहून ठेवली होती. ती ज्यांना वाचून दाखवायची होती, ते तेव्हा भिंतीपलीकडे होते: "मेस्त्री, तुमचा आजा खरा होता, खोटा मी ठरलो, मला माफ करा."