वाढत्या अंगाचं दप्तर

आपल्याकडे लेकराचं अंग आणि त्याचे कपडे यांची वेळेवर भेट होत नाही. कपडे आधी येतात, अंग मागून दोन-तीन वर्षांनी पोहोचतं, आणि तोवर कपड्यांच्या चिंध्या झालेल्या असतात. तरी शिंप्यापुढे उभं राहिलं की प्रत्येक बाप तेच सांगणार: जरा वाढत्या अंगाचं शिवा. टिकाराम रामटेकेनं आपल्या थोरल्या मुलीचं दप्तर असंच वाढत्या अंगाचं शिवलं होतं. स्वतःच्या हातानं शिवलं होतं, म्हणून ते विसरायचीही सोय नव्हती.

टिकाराम भंडाऱ्याकडचा. भिलाईत रशियाच्या मदतीनं पोलाद कारखान्याचे पाये खोदणं चालू होतं तेव्हा बायको सत्यशीला आणि बोट धरून चालणारी रतन, दोघींना घेऊन तो आला आणि कॅम्प-१ या मजुरांच्या वस्तीत एका खोलीत राहू लागला. भिंतीवर बुद्ध आणि बाबासाहेब, खाली एक पत्र्याची पेटी, एवढा संसार. आधी खलाशी, म्हणजे अवजड माल हलवणारा मजूर, म्हणून लागला, मग रिगर झाला. क्रेननं उचलायच्या मालाला तारेचे दोर बांधायचे आणि खालून हातानं इशारे करत तो माल वर पोहोचवायचा, हे रिगरचं काम. नव्या माणसाला तो पहिल्याच दिवशी सांगायचा, “दोर मालाच्या मापानं घे. लांब घेतला का माल झुलते. अन् एकदा झुलला का मंग तो कोनाचं आयकत नाई.”

आणि याच माणसानं रतनचं नाव शाळेत घातलं तेव्हा जुन्या ताडपत्रीचं दप्तर शिवून त्याला असा पट्टा लावला, की दप्तर पोरीच्या गुडघ्यावर आपटायचं. दाभण आणि सुतळी घेऊन तो दोन सुट्ट्या अंगणात बसला होता. शेजारच्या अंजनाबाई ओढून बघत म्हणाल्या, “मॅट्रिकपर्यंत हालत नाई हे.” टिकाराम खुश. रतनही खुश. दप्तरात पाटीची लाकडी चौकट पेन्सिलीच्या पत्र्याच्या डबीवर आपटायची, टक टक, टक टक. गल्लीच्या तोंडाशी आवाज आला की सत्यशीला चुलीवर चहा ठेवायची.

शाळेच्या वाटेवर एक नाला होता. वस्तीतल्याच लोकांनी त्याच्यावर लाकडाची फळी टाकलेली. पोळ्याच्या सुमारास नाला भरून वाहत होता आणि त्या सकाळी रतन फळीवरून खाली गेली. पडताना कोणी पाहिलं नाही. पुढे चाललेली एक मुलगी एवढंच सांगू शकली, “मांगून टक टक येऊन राहिली होती. मंग नाई आली.”

ड्यूटीवरून बोलावून आणलेल्या टिकारामला कोणीतरी हे वाक्य सांगितलं, आणि ते त्याच्यात रुतून बसलं. लोक म्हणाले, फळी शेवाळली होती, पाय सरकला. टिकाराम मान हलवायचा. पण त्याला ठाऊक होतं काय झालं ते. पट्टा लांब होता. फळीच्या मध्यावर दप्तर झुललं, आणि झुललेलं ओझं कोणाचं ऐकत नाही. हे त्यानं सत्यशीलेलाही सांगितलं नाही. सांगितलं असतं तर तिनं काय केलं असतं कोण जाणे, पण त्यानं स्वतःला रोज शिक्षा करायचं ठरवलं होतं, आणि त्यात त्याला भागीदार नको होता.

आवाज मात्र त्याचा पिच्छा सोडत नव्हता. भट्टीच्या उभारणीचा गोंगाट असा, की शेजारच्या माणसाशी बोलायचं तर कानाशी तोंड न्यावं लागे. त्या गोंगाटात टिकारामला टक टक ऐकू यायची. लोखंडाचा गर्डर हवेत चढायचा, टिकारामचा हात वर असायचा, आणि पाठीमागून कोणीतरी लहान पावलांनी चालत यायचं. तो वळून बघत नसे. रिगरला मालावरची नजर काढता येत नाही, हे एक बरं होतं. घरी सायकल टेकवतानाही तेच. गल्लीच्या तोंडाशी आवाज यायचा, तो थांबायचा, आवाजही थांबायचा.

सन चौसष्ट उजाडलं तोवर भिलाईतच जन्मलेली धाकटी ललिता सहा वर्षांची झाली होती. तिचं नाव शाळेत घातलं, पण दप्तर काही येईना. टिकाराम स्वतः तिची पाटी हातात घेऊन तिला शाळेत सोडायचा. सेकंड शिफ्ट, म्हणजे दुपारची, असली तर हे जमायचं. फर्स्ट शिफ्टच्या आठवड्यात ललिता घरी बसायची. सत्यशीला बांधकामावर विटा वाहायला जायची, तिला पहाटेच निघावं लागे, आणि पोरीला एकटीनं पाठवायचं नाही असा नवऱ्याचा हुकूम होता. शेवटी शाळेतल्या कौशल्याबाईंनी निरोप धाडला, की मुलगी अशी एक आठवडा येऊन एक आठवडा दांडी मारत असेल तर नाव कापावं लागेल.

त्या दिवशी सत्यशीलेनं भाकरीचं ताट त्याच्यापुढं ठेवलं आणि समोर बसली. एरवी ती बसत नसे.

“येत्या नाई, त्याच्या पुढच्या सोमवारी तुमची फर्स्ट शिफ्ट हाय,” ती म्हणाली. “पोरगी शाळेत जाईन. एकटी जाईन. गल्लीतल्या पोरी हायेत संगं. तुमी तिले दप्तर आना.”

“पुढच्या वर्षी पाहू.”

“पुढच्या वर्षी तो नाला कोठी जानार हाय का? आता तर त्याच्यावर पक्का पूल झाला. तुमाले भेव कायचं वाटते?”

टिकाराम भाकरी मोडत राहिला.

“एक पोरगी गेली,” सत्यशीला म्हणाली, “दुसरीले मी घरात बसवून अडानी ठेवनार नाई. बाबासायबाच्या फोटोखाली बसून तुमी भाकर खाऊन राहिले, जरा वर पाहा.”

टिकारामनं वर बघितलं नाही. पण रविवारी तो ललिताला घेऊन बाजारात गेला.

दप्तराच्या दुकानात त्यानं जे केलं ते दुकानदार वर्षभर लोकांना सांगत असेल. त्यानं एकेक दप्तर ललिताच्या खांद्याला अडकवलं, शेजारच्या वाण्याच्या तराजूतली वजनं मागून आत टाकली आणि पोरीला म्हणाला, “चाल.” ती चालली. “वापस ये.” ती आली. तो खाली उकिडवा बसून दप्तर किती झुलतं ते बघत होता. सगळीच झुलत होती. सगळ्यांचे पट्टे लांब होते.

“भैया, बच्ची बढ़ेगी कि नहीं?” दुकानदार वैतागून म्हणाला. “सब लोग बड़ा ही ले जाते हैं.”

दप्तराच्या तळातून पाणी ठिबकतंय असं टिकारामला वाटलं. त्यानं हात लावून बघितला. कोरडं होतं. त्यानं वजनं काढून परत दिली, पोरीचा हात धरला आणि बाहेर पडला.

बाहेर एक रशियन बाई आंबे निवडत होती. कारखान्यातल्या कोणा रशियन इंजिनियरची बायको असावी. तिच्यासोबत ललिताएवढीच मुलगी होती आणि मुलीच्या पाठीवर एक कडक चौकोनी दप्तर होतं, दोन पट्ट्यांचं, दोन्ही खांद्यांतून घेतलेलं. मुलगी आंब्यांच्या टोपल्यांमधून उड्या मारत होती आणि दप्तर जागचं हलत नव्हतं. टिकाराम बघतच राहिला. दोन दोरांवर बांधलेला माल. हे त्याला, रोज तेच करणाऱ्याला, कसं सुचलं नव्हतं? बाई पुढे निघाली तसा तो मागे निघाला. बाईनं दोनदा वळून पाहिलं.

“बाबा, चाला ना घरी,” ललिता शरमेनं म्हणाली.

घरी येऊन तो म्हणाला, “मीच शिवतो. पर ताडपत्री पायजे.”

सत्यशीला उठली. तिनं पत्र्याची पेटी उघडली, लुगडी बाजूला केली आणि तळातून रतनचं दप्तर काढून त्याच्यापुढं ठेवलं.

टिकाराम भिंतीला टेकला. ते दप्तर रतनबरोबरच गेलं असं तो धरून चालला होता. त्यानं विचारलं नव्हतं आणि तिनं सांगितलं नव्हतं. चिखलाचे डाग धुऊनही राहिले होते. त्यानं हात पुढे केला, मागे घेतला, परत पुढे केला. मग त्याला पट्ट्यावरची गाठ दिसली.

पट्टा मध्येच तीन पदरी दुमडून दोन्ही टोकांशी वेढे घातले होते. दोर न कापता आखूड करायची गाठ. रिगरची गाठ. कधीतरी सुट्टीच्या दिवशी कपडे वाळवायच्या दोरीवर त्यानं ती रतनला खेळ म्हणून दाखवली होती. पाण्यानं ती अशी आवळली होती, की नखसुद्धा शिरलं नसतं.

“हे कोनं बांधली?”

“रतननं. पहिल्याच हप्त्यात.” सत्यशीला खाली बसली. “दप्तर पायावर लागे तिच्या. तुमी ड्यूटीवर गेले का बांधे, अन् तुमी याच्या आंदी सोडून ठेवे. मी म्हनलं, बाबाले सांग ना. तर म्हने, नाई, बाबानं शिवलं, त्यायले वाईट वाटन.”

“मंग त्या दिवशी...”

“त्या दिवशीबी बांधूनच गेली होती. सोडाले कोन आलं?”

टिकाराम गाठीकडे बघत होता. पट्टा आखूड होता. दप्तर अंगाला बसलेलं होतं. ते झुललं नव्हतं.

“मंग ते पडली कशी?” तो म्हणाला.

“फळी ओली होती. पाय सरकला.” सत्यशीला म्हणाली. “तवापासून सांगून राहिली मी तुमाले.”

माणसाला वाटेल, त्याच्या छातीवरचा दगड उतरला असेल. तसं झालं नाही. इतकी वर्षं त्यानं त्या पट्ट्याला धरून दिवस काढले होते. अपराध होता तर त्याला कारण होतं, आणि कारण होतं तर रतनच्या जाण्यात काहीतरी हिशेब होता. आता नुसती एक ओली फळी उरली. आणि एक मुलगी उरली, जी बापाला वाईट वाटू नये म्हणून रोज दुपारी गाठ सोडत बसायची. टिकाराम तोंड झाकून रडला. ललिता दारात उभी राहून बघत होती, ती आईजवळ सरकली.

दुसऱ्या दिवसापासून रोज ड्यूटीला जायच्या आधी तो रतनचंच दप्तर आणि दाभण घेऊन बसू लागला. पट्टा गाठीच्या दोन्ही बाजूंनी कापला. गाठ सत्यशीलेनं परत पेटीत ठेवली. उरलेल्या दोन तुकड्यांचे त्यानं दोन पट्टे केले. ललिताला पुन्हा पुन्हा उभं करून खांदा, पाठ, कंबर सुतळीनं मापलं. आत पाटीसाठी वेगळा कप्पा शिवला, असा घट्ट, की पाटी हलू नये. अंजनाबाई डोकावून म्हणाल्या, “लय तंग केलं जी. साल-दोन सालात लहान होईन.”

“होऊ द्या. दुसरं शिवीन,” टिकाराम म्हणाला.

शनिवारी ललिता ते पाठीवर घेऊन शाळेला निघाली. टिकाराम नाल्यापर्यंत गेला आणि अलीकडे थांबला. “जाय आता,” तो म्हणाला. ती पुलावर चढली. त्याला बघवलं नाही. त्यानं डोळे मिटले आणि कान दिले.

काहीच ऐकू आलं नाही.

दप्तर इतकं चोख बसलं होतं, की त्यातून आवाजच निघत नव्हता. “ललिता,” तो ओरडला आणि धावला. ती पुलाच्या पलीकडे उभी होती, वळून बघत, दोन्ही अंगठे पट्ट्यांत अडकवून.

तो धापा टाकत तिच्यापाशी गेला. गुडघ्यावर बसून त्यानं दप्तर उघडलं. कप्प्यातून पाटी काढली आणि पेन्सिलीच्या डबीशेजारी मोकळी ठेवून दिली. मग दप्तर बंद केलं.

ललिता दोन पावलं चालली आणि थांबली. “बाबा, आवाज येते ना.”

“येऊ दे,” टिकाराम म्हणाला.

ती गेली. आवाज शाळेच्या फाटकात शिरेपर्यंत तो तिथंच बसून होता.

सोमवारी फर्स्ट शिफ्ट होती. शाळेच्या वेळेला एक गर्डर वर चढत होता आणि टिकारामचा हात हवेत होता. पाठीमागून टक टक सुरू झाली. लहान पावलं, एकसारखी. कोणाची ते त्याला सांगता आलं नसतं. त्यानं वळून पाहिलं नाही. माल वर पोहोचेपर्यंत ती चालू आहे ना, एवढंच तो ऐकत राहिला.