कापलेला सीन

व्हिडिओ कॅसेटच्या तापलेल्या प्लास्टिकचा वास आला की मला आखातात राहायचो तेव्हाच्या, ऊद मेथा भागातल्या आमच्या फ्लॅटमधला तो शुक्रवार आठवतो. शेजारची ब्रिटिश बाई तरुणपणी दोन-तीन सिनेमांत होती, मग खलास, कामच मिळालं नाही. त्यातल्या एकाची कॅसेट तिथल्या दुकानात मिळाली, म्हणून ती ओठ रंगवून, केस सेट करून आमच्याकडे आली. आईने मुद्दाम बिल्डिंगमधल्या बायकाही बोलावल्या होत्या. "आता माझा चेहरा नीट बघा," असं इंग्रजीत सांगत ती पुढे सरकली. हीरोने बेडरूमचं दार उघडलं, चित्र थरथरलं आणि तो थेट टाय बांधताना दिसला. सेन्सॉरने मधला सीनच कापला होता. तिने रिवाइंड करून पुन्हा लावलं. पुन्हा टाय. "आय वॉज इन देअर," ती म्हणाली. आई मराठीत म्हणाली, "टायचं काम छान केलंय हो हिने." सगळ्या हसल्या. कौतुक चाललंय असं वाटून तीही हसली. गेल्या महिन्यात मला तो सिनेमा न कापलेला सापडला. त्या सीनमध्ये ती आहे, पण शेवटपर्यंत पाठमोरी. आईला मी ते सांगितलेलं नाही. ती पुन्हा हसेल.