हौदाकाठचे शमुवेल नाना

शमुवेल नाना नवीन ख्रिस्ती माणूस भेटला की त्याचं नाव-गाव नंतर विचारायचे. आधी विचारायचे, "बाप्तिस्मा बुडीसन लिधा का शिंपडीसन?" म्हणजे पाण्यात अख्खा बुडून घेतलास की डोक्यावर चार थेंब शिंपडून? माझी त्यांची भेट झाली ती धुळ्यातल्या एका हार्डवेअरच्या दुकानात. मी तिथे पाईप चढवायच्या-उतरवायच्या कामाला होतो. गळ्यातला क्रूस बघून त्यांनी लगेच हा प्रश्न टाकला. मी घाबरून म्हणालो, "शिंपडून. वीस दिवसांचा होतो तेव्हा."

"मंग झालाच नही," ते म्हणाले, आणि मालकाकडे वळून दोन वॉशर मागितले.

माझं गाव शिरपूरच्या पुढे सातपुड्यात आहे. शाळा सातवीत सुटली. धुळ्यात माझं कुणी नव्हतं, दुकानाच्या गोदामात झोपायचो. चार दिवसांनी नाना परत आले. "गोदाममा उंदरं शेत. मना घरमा मागली खोली रिकामी शे," म्हणाले. त्यांच्या अहिराणीत 'शे' म्हणजे आहे, 'शेत' म्हणजे आहेत. मी माझी पिशवी घेऊन त्यांच्या सायकलीमागे चालत गेलो आणि पुढे सहा वर्षं त्या खोलीत राहिलो.

नानांचं काम म्हणजे गल्लोगल्ली नळाला पाणी सोडायचं. रस्त्यातलं झाकण काढायचं, खांद्यावरची लांब लोखंडी चावी खड्ड्यात घालायची आणि व्हॉल्व्ह फिरवायचा. धुळ्यात तेव्हा पाणी आठ-आठ दिवसांनी यायचं. त्यामुळे ज्याच्या हातात चावी, त्याची वट आमदारासारखी. पण नानांनी आपल्या गल्लीला एक मिनिटही जास्त दिलं नाही. बायका तोंडावर बोलायच्या, "नाना, चावी तुमच्या हातात अन् आमचेच हंडे रिकामे! काय कामाचे तुम्ही?" नाना घड्याळ बघत म्हणायचे, "पलीकडच्या गल्लीत बी हंडेच शेत, ताई. तठे काय फुलदाण्या मांडेल शेत का?"

आणि असल्या शहरात हा माणूस म्हणायचा की बाप्तिस्मा घ्यायचा तर छातीइतक्या पाण्यातच घ्यायचा. "बठ्ठं आंग, पाय ते डोकं, भिजाले जोयजे. माणूस गाडायचा तर दोन चिमटी माती टाकून भागतं का? जुना माणूस पाण्यात पुरायचा अन् नवा वर काढायचा." त्यांच्या मंडळीच्या, म्हणजे चर्चच्या, मागच्या अंगणात विटांचा हौद होता. तो नानांनीच बांधला होता. वर्षातून एकदा बाप्तिस्म्याचा रविवार यायचा आणि हौद भरणं हे नानांचं व्रत. पाळकसाहेब, म्हणजे तिथले धर्मगुरू, एकदा म्हणाले, "नाना, त्या दिवशी दहा मिनिटं व्हॉल्व्ह जरा जास्त सोडा की. देवाचंच काम आहे." नाना म्हणाले, "चोरीच्या पाण्यात पाप धुवायचं का, साहेब?" मग आमच्या घरच्या नळाला येईल त्यातलंच पाणी ड्रममध्ये साठवायचं आणि हातगाडीवरून न्यायचं. त्यांची बायको सुशीला अक्का मला म्हणायची, "बघ रतन, आपण दोन तांब्यांत आंघोळ करायची आणि लोकांना हौदात डुंबवायचं. शास्त्रात बायकोबद्दल काही लिहिलंय की नाही, विचार तुझ्या नानांना."

रोज जेवताना आमचा वाद चालायचा. नाना म्हणायचे, "तान्ह्या पोराला काय कळतं? विश्वास आधी, पाणी मागून. बी पेरलं नाही तर वावरात पाणी सोडून काय उपयोग?" मला शास्त्र येत नव्हतं, पण शेती येत होती. म्हणालो, "नाना, आमच्या डोंगरात विहीर नाही. आमच्याकडे आधी पाऊस पडतो, मग आम्ही पेरतो." अक्का तोंडाला पदर लावून हसली. तिसऱ्या दिवशी नाना भाकरी मोडता मोडता म्हणाले, "पाऊस देव पाडतो. पाळक नाही."

असं हसत-खेळत चाललं होतं, पण एक दिवस प्रकरण माझ्यावर आलं. त्यांच्या मंडळीत बुडून बाप्तिस्मा घेतल्याशिवाय प्रभुभोजन, म्हणजे येशूच्या आठवणीने सगळे मिळून खातात ती भाकर, मिळत नसे. मला सभासद व्हायचं होतं, सगळ्यांबरोबर त्या भाकरीत भाग हवा होता. नानांनी माझं नाव यादीत घातलं. हौदात उभं राहिल्यावर सगळ्यांसमोर तीन प्रश्न विचारायची तिथली रीत होती. तिसरा प्रश्न असा: याआधी तुझा बाप्तिस्मा झाला आहे का? ज्यांच्यावर लहानपणी पाणी शिंपडलेलं असे, त्यांनीही "नाही" म्हणायचं. तेच बरोबर उत्तर. नानांनी ते माझ्याकडून घोकून घेतलं. शेवटी दरवेळी म्हणायचे, "अन् ध्यानात ठेव, पाण्यात उभं राहून खोटं बोलायचं नाही."

त्या दोन गोष्टींनी माझी झोप उडाली. माझ्याआधीची आईची दोन लेकरं गेली होती. मी झालो तेव्हा ती ओली बाळंतीण मला झोळीत बांधून दीड दिवस डोंगर उतरली आणि पाळकाच्या दारात येऊन बसली. अक्षर येत नव्हतं तिला. पण ती गोष्ट तिने मला किती वेळा सांगितली असेल! पाळकाने तीनदा पाणी घातलं, ते तुझ्या कानात गेलं, तरी तू रडला नाहीस. आई आता नव्हती. मी "नाही" म्हणालो की तिचं ते चालणं फुकट गेलं असं मीच सगळ्यांसमोर सांगितल्यासारखं होणार. "हो" म्हणालो तर ज्याने मला छप्पर दिलं त्याची मान भर मंडळीत खाली जाणार. शिवाय राहती खोली जाण्याची भीती होतीच. खोटं कशाला सांगू, ती भीती सगळ्यात मोठी होती.

तो रविवार आला. मी पाचवा. हौदात उतरलो, पाणी छातीला लागलं. नाना काठावर टॉवेल घेऊन उभे होते. पहिल्या दोन प्रश्नांना मी "हो, मी विश्वास धरतो" म्हणालो. तिसरा आला.

"झालाय," मी म्हणालो.

पाळकसाहेब थांबले. त्यांना वाटलं पोरगा गडबडला. त्यांनी परत सावकाश विचारलं. मीही सावकाश सांगितलं, "झालाय साहेब. आईने नेलं होतं."

पाळकसाहेबांनी नानांकडे बघितलं. नानांचा चेहरा व्हॉल्व्हच्या झाकणासारखा घट्ट. त्यांनी हात पुढे केला, मला वर ओढून घेतलं, टॉवेल माझ्या डोक्यावर टाकला आणि मोठ्यांदा म्हणाले, "पुढचा."

घरी येऊन मी पिशवी भरली. नाना दारात आले.

"कोठे चालना?"

"गावाकडे, नाना."

"कसाले?" ते उंबऱ्यातच बसले. मला जायला वाटच राहिली नाही. "तू चुकना. शंभर दाव चुकना. उद्या बी मी हेच सांगसु. पन तू पानीमा उभा राहीसन खोटं बोलना नही. चाल, भाकर थंडी व्हयी ऱ्हायनी."

मला वाटलं आता नाना नरमतील. ते नरमले नाहीत. प्रभुभोजनाचा ट्रे रांगेतून फिरवायचं काम त्यांचंच होतं. दर महिन्याला ते माझ्यापर्यंत यायचे, ट्रे डाव्या हातात घ्यायचे आणि उजवा हात माझ्या खांद्यावर ठेवायचे. घडीभर. मग ट्रे शेजारच्याला. मंडळीतले काही जण म्हणाले, "नाना, घरचंच पोर आहे, देऊन टाका." ते म्हणाले, "नियम घरच्याला आधी." दुसरे काही जण म्हणाले, "जो मंडळीचं ऐकत नाही त्याला घरात कशाला ठेवता?" त्यांना म्हणाले, "घर मनं शे. तठे मंडळीना ठराव चालत नही." मला राग यायचा. रडूही यायचं. पण असा माणूस मी पुन्हा पाहिला नाही. त्यांनी माझ्यासाठी नियम तसूभर सोडला नाही आणि नियमासाठी मलाही सोडलं नाही.

पुढे मला जळगावला चटईच्या कारखान्यात मशीनवर काम मिळालं. लग्न झालं. बायकोची मंडळी बालबाप्तिस्मा मानणारी. तिथे माझा शिंपडलेला बाप्तिस्मा कुणी मोजला नाही की तोलला नाही. मुलगी झाली आणि महिन्याची झाल्यावर तिच्या बाप्तिस्म्याचा दिवस ठरला. नानांना फोन करू की नको म्हणून मी आठ दिवस घालवले. शेवटी केला. नानांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "धुळ्याहून पारोळामार्गे येणारी सकाळची गाडी किती वाजता पोचते?"

ते आले. सगळ्यात मागच्या बाकावर ताठ बसले. पाणी शिंपडताना सगळे उभे राहिले. नाना बसूनच, दोन्ही हात गुडघ्यांवर. बाहेर आल्यावर आमच्या पाळकांनी हसत विचारलं, "कसं वाटलं, नाना?" नाना म्हणाले, "पोर गोड शे. बाप्तिस्मा नही."

जळगावात मेहरूणमधल्या आमच्या खोलीत त्यांनी मुलीला मांडीवर घेतलं. ती त्यांचं बोट धरून झोपली. माझ्याकडे न बघता ते म्हणाले, "तुले तुनी मायनं खरं वाटनं. ठीक शे. हिला मोठी झाल्यावर विचार, बाई, तुझं काय म्हणणं? हिनं हौद मागितला तर आडवा येऊ नको."

मी "हं" म्हणालो.

"हं नको. बोल."

"विचारीन, नाना."

नाना गेले त्याला तीन वर्षं झाली. मी पोचलो तेव्हा शवपेटी बंद व्हायची होती. अक्काने मला जवळ बसवलं. म्हणाली, "दवाखान्यात नर्सलासुद्धा सांगत होते, माझा एक पोरगा जळगावला आहे, फार चांगला आहे, पण बाप्तिस्म्यात चुकला." आम्ही दोघंही पेटीपाशी बसून हसलो. आजूबाजूचे बघत राहिले.

आता मुलगी दहा वर्षांची आहे. गेल्या महिन्यात उपासनेहून परतताना तिने विचारलं, "पप्पा, माझा बाप्तिस्मा मला आठवतच नाही. मग तो माझा कसा?" माझ्या जिभेवर आलं होतं की झालाय तुझा, तुझ्या आजीच्या वाटेनेच झालाय, आता विषय नको. रस्त्यात मध्येच थांबलो.

"तुझं काय म्हणणं आहे?" मी विचारलं.

"मी अजून विचार करतेय," ती म्हणाली.

कर बाई, म्हणालो. तिने "हौद नको" म्हणावं असं मनातून फार वाटतं. नानांसारखं तोंडावर सांगूनही टाकीन कधीतरी, की तू चुकतेस. पण तिने हौदात उतरायचं ठरवलं, तर पाणी मी भरीन.