माशाला पाक

सासूबाई आमच्याकडे बदलापूरला कायमच्या राहायला आल्या, तेव्हा बायकोने मला एकच सूचना दिली. आईच्या देखत मासा करायचा नाही.

कारण मला ठाऊक होतं. मी साताऱ्याकडच्या शाकाहारी घरातला. मासा खायला लग्नानंतर शिकलो आणि करायला त्याहूनही उशिरा, मोबाइलवर बघून. सासूबाईंचं माहेर उरणकडचं, आणि लग्नानंतर सगळा संसार उल्हासनगरला कॅम्प तीनमध्ये. माशाच्या बाबतीत नात्यात त्यांचा धाक होता. एका हळदीच्या जेवणात त्यांनी कोलंबीचा पहिला घास घेतला आणि काही न बोलता ताट थोडं पुढे सरकवलं, तर ओळीतल्या सगळ्या बायकांनी आपापली ताटं सरकवली, अशी गोष्ट बायको सांगते. आचारी तिचाच लांबचा काका होता. तो अजून बोलत नाही.

पण सूचना पाळणं शक्य नव्हतं. बायकोची नोकरी मुंबईत; ती घरी येते तोवर आठ वाजून गेलेले असतात. मी अंबरनाथला, मोरिवलीजवळच्या एका रंगांच्या कारखान्यात क्वालिटीचं काम बघतो. माझी पहिली पाळी असते, त्यामुळे चारपर्यंत बदलापुरात, सोनिवलीतल्या घरी पोहोचतो. संध्याकाळचा स्वयंपाक पहिल्यापासून माझ्याकडे. बुधवार आला आणि मी बांगडे केले.

सासूबाईंनी सावकाश जेवण केलं. काटे ताटाच्या कडेला नीट एका ओळीत लावले आणि म्हणाल्या, "छान झालंय हो, जावईबापू."

बायकोचा घास तोंडातच राहिला. आईने हे आपल्या सख्ख्या बहिणीलाही कधी म्हटलेलं नाही, असं तिने नंतर मला सांगितलं. मी नम्रपणे गप्प बसलो. दुसऱ्या दिवशी कारखान्याच्या कँटीनमध्ये मात्र तिघांना ही गोष्ट सांगितली.

त्यानंतर वर्षभर मी जे केलं ते छान झालं. सुरमई छान झाली, बोंबील छान झाले, एकदा कोलंबीत चुकून गरम मसाल्याऐवजी चहाचा मसाला पडला, तीही छान झाली. मीठ कमी असेल तर सासूबाई न बोलता ताटात वाढून घेत, एवढंच. मला वाटू लागलं की माझ्या हाताला काहीतरी आहे. बायकोला तसं वाटत नव्हतं, पण तिच्या आईच्या पुढे तिला बोलता येत नव्हतं.

अशात बायको ऑफिसच्या कामाने आठवडाभर परदेशी जाऊन आली. तिथे तिने सॅमन खाल्ला. वरून संत्र्याचा गोड, चकचकीत रस, आत मासा लोण्यासारखा मऊ. आल्यावर ती या माशाबद्दल इतक्या वेळा बोलली की शेवटी मी म्हटलं, करतो.

बदलापूरच्या बाजारातल्या कोळणीने मला सांगितलं की सॅमन म्हणजे रावसच. मी म्हटलं, तो गुलाबी असतो. ती म्हणाली, मग हा काय हिरवा आहे का? मी थोडा वेळ रावसाकडे बघितलं आणि परत आलो. मग कारखान्यातल्या एकाने कॅम्प तीनमधलं एक फ्रोजन मालाचं दुकान सांगितलं. सिंधी दुकानदाराने फ्रीजरमधून दोन गुलाबी तुकडे काढले आणि मी विचारायच्या आधीच म्हणाला, "साईं, फ्रेश नहीं है, फ्रोजन है. झूठ क्यों बोलूँ." मला माणूस आवडला. त्याने तुकडे बर्फासकट थर्माकोलच्या डब्यात बांधून दिले आणि मी तो डबा मांडीवर घेऊन शेअर रिक्षात बसलो.

घरी सासूबाईंनी डब्यात डोकावून पाहिलं.

"याचं डोकं कुठे आहे?"

मी सांगितलं की डोकं मिळत नाही, असाच येतो. मग ताजा कसा ओळखायचा, असं त्यांनी विचारलं. ताजा नाहीच, म्हणून ओळखायचा प्रश्न नाही, असं मी म्हणालो. त्यावर त्या "बरं" म्हणाल्या. मग मी कृती समजावली. संत्र्याचा रस, गूळ, आलं, लसूण, थोडा सोया सॉस, लाल मिरची. हे आटवून दाट करायचं आणि भाजलेल्या माशावर ओतायचं.

"माशाला पाक?" त्या म्हणाल्या.

मी म्हटलं, पाकच समजा. त्यांनी पुढे काही विचारलं नाही. लसूण सोलायला घेतला आणि ओट्याकडे पाठ करून जेवणाच्या टेबलाशी बसल्या. आमचं स्वयंपाकघर आणि ते टेबल यांत भिंत नाही. ओट्यापासून त्यांची खुर्ची हातभर अंतरावर.

मी कढईत रस आणि गूळ उकळत ठेवला, तेवढ्यात खालून वॉचमनचा फोन आला. माझी स्कूटर कुणाच्या तरी गाडीला आडवी लागली आहे, असं त्याचं म्हणणं. मी बाल्कनीत जाऊन त्याला समजावत होतो की ती स्कूटर माझी नाही, माझी तिच्या शेजारची. हे त्याला पटायला वेळ लागला. आत आलो तर घरात धूर. कढईतला पाक काळा पडून त्याचे बुडबुडे फुटत होते आणि असा जळका, कडू वास पसरला होता की माझ्या डोळ्यांत पाणी आलं.

सासूबाई तशाच पाठमोऱ्या बसून लसूण सोलत होत्या. माझी चाहूल लागल्यावर, मान न वळवता म्हणाल्या, "छान वास सुटलाय, जावईबापू."

मी गॅस बंद केला. खिडकी उघडली. मग त्या वळल्या, त्यांनी धूर पाहिला, कढई पाहिली आणि शेवटी माझ्याकडे पाहिलं. हातातली पाकळी त्यांनी वाटीत टाकली.

मी समोरची खुर्ची ओढून बसलो.

"आई, तुम्हाला वास येत नाही?"

"नाही."

"कधीपासून?"

"इथे यायच्या आधी तो मोठा ताप आला होता ना, तेव्हापासून. ताप गेला, वास आलाच नाही."

चवीचं विचारलं. गोड, आंबट, खारट, तिखट एवढं जिभेला कळतं, त्या म्हणाल्या. बाकी काही नाही. तोंडात सुरमई आहे की बटाटा, ते दाताखाली कसं लागतं त्यावरून ओळखायचं.

मला एकेक आठवू लागलं. दूध उतू जाऊन करपलं होतं आणि त्या शेजारी बसून पेपर वाचत होत्या. मी वयाला दोष दिला होता. बाजारात चला म्हटलं की त्यांचा गुडघा दुखायचा. भाजी उरली की ती चांगली आहे ना, हे त्या मला बघायला सांगायच्या, आणि मला तो मान वाटायचा. मग मला चहाच्या मसाल्यातली कोलंबी आठवली.

"म्हणजे वर्षभर छान झालंय म्हणत होता, ते?"

"जावयाने केलंय," त्या म्हणाल्या, "त्याला काय नावं ठेवायची? वास आला असता तरी तेच म्हटलं असतं."

मग मी विचारलं की आम्हाला सांगितलं का नाही. त्यांनी टेबलावरची लसणाची सालं गोळा करून मुठीत धरली.

"तुम्ही मला गॅसला हात लावू दिला नसता."

मी नाही म्हणालो नाही, कारण ते खरं होतं. तिथल्या तिथे माझ्या मनात तेच आलं होतं. सकाळी आम्ही दोघं निघून गेल्यावर त्या दिवसभर घरी एकट्या असतात. चहा करतात, दुपारची भाकरी करतात. मी बायकोला आजच सांगणार, हे मी त्यांना सांगितलं. त्या म्हणाल्या, तुम्ही नको, मी सांगेन. मग उठल्या, कढई सिंकमध्ये ठेवून तिच्यात पाणी सोडलं आणि संत्री किती उरलीत ते पाहिलं.

"पुन्हा करू," त्या म्हणाल्या. "तुम्ही वास सांगा."

आमच्या घरात आल्यापासून त्या पहिल्यांदाच माझ्या आधी ओट्याशी उभ्या राहिल्या. माशाच्या तुकड्यांना त्यांनी मीठ आणि हळद चोळली. कृतीत हळद नाही, असं मी म्हटलं. त्यांना ऐकू आलं, पण हळद लागून झाली होती. परदेशी गुलाबी मासा पिवळा झाला आणि ओळखीचा दिसू लागला.

रस उकळायला लागल्यावर त्या चमच्याने ढवळत विचारू लागल्या. आता? मी म्हटलं, संत्र्याचा. आता? आल्याचा. जरा वेळाने मी म्हटलं, गुळाचा.

"गुळाचा कसा? चहात घातल्यासारखा की चिक्कीचा?"

मी कढईवर वाकलो. "चिक्कीचा. म्हणजे चिक्कीच्या थोडा अलीकडे."

"मग थांबा," म्हणत त्यांनी गॅस बारीक केला, बोटाने थेंब घेऊन जिभेला लावला आणि मिरची आणखी घालायला लावली. मासा लोखंडी तव्यावर सालीच्या बाजूने टाकला. तो कधी उलटायचा, हे त्यांनी मला विचारलं नाही. बोटाने मधोमध दाबून बघत होत्या. एकदा दाबलं आणि उलटला. पुन्हा दाबलं आणि तवा खाली उतरवला. पाक वरून ओतला तेव्हा तो मोबाइलमधल्यासारखाच चकाकला. मी तसं म्हटलं. चकाकतो ते मलाही दिसतं, त्या म्हणाल्या. तुम्ही फक्त वास सांगा.

बायको आली, हातपाय धुऊन ताटावर बसली. घरात हा कसला धूर कोंडलाय, असं तिने विचारलं. मी सासूबाईंकडे पाहिलं. त्यांनी माशाचा तुकडा मोडला, भाताबरोबर खाल्ला, पाणी प्यायल्या.

"गोड आहे," त्या म्हणाल्या. "आंबट आहे, तिखट आहे. पुढचं तुम्ही दोघं सांगा. मला वास येत नाही."

बायकोला आधी वाटलं, सर्दी झाली असेल. मग सासूबाईंनी सगळं सांगितलं, जसं मला सांगितलं होतं तसंच, एक शब्द कमीजास्त न करता. बायको चिडली. आईवर चिडली, मग वर्षभर घरात राहून माझ्या लक्षात आलं नाही म्हणून माझ्यावर, आणि मग ती स्वतःही त्याच घरात राहते हे आठवून गप्प झाली. "तू मलासुद्धा सांगितलं नाहीस," एवढंच ती पुन्हा म्हणाली आणि डाव्या हाताने आईचा हात धरून बसली. सासूबाईंनी तो थोडा वेळ धरू दिला. नंतर म्हणाल्या, "जेव आता, पाक घट्ट होतोय."

ती जेवली. तिकडे असा नव्हता, असं म्हणाली. मी विचारलं, कसा होता? तिने बराच विचार केला आणि सांगितलं की तिकडे हळद नव्हती. पण ताटात तिने काही ठेवलं नाही.

पुढच्या आठवड्यात आम्ही उल्हासनगरच्या कान-नाक-घशाच्या डॉक्टरांकडे गेलो. येईलही, नाहीही येणार, असं त्यांनी सांगितलं आणि रोज सकाळ-संध्याकाळ चार वेगवेगळे वास हुंगायला दिले. सासूबाईंनी लवंग, लिंबू, कॉफी आणि कापूर अशा चार डब्या केल्या आणि काही महिने नेमाने हुंगल्या. एकदा डोळे मिटून लांब श्वास घेतला आणि लवंगेसारखं काहीतरी लागतंय म्हणाल्या. हातात कापूर होता. आम्ही दोघंही काही बोललो नाही, पण त्यांनी डोळे उघडून डबी बघितली आणि कपाटात ठेवून दिली. वास अजून आलेला नाही.

गॅसजवळ गळती ओळखणारं एक यंत्र बसवलं. त्यानंतर गॅस पेटवायची परवानगी हा विषय निघालाच नाही. निघायच्या आधीच त्यांनी चहा ठेवला होता. माझं कौतुक मात्र त्या दिवसापासून बंद झालं. आता मीठ कमी असेल तर त्या ते सांगतात, मासा जास्त शिजला तर तेही सांगतात. भाकरी तर त्या मला करूच देत नाहीत.

रविवारी आम्ही दोघं बाजारात जातो. गुडघा आता तेवढा दुखत नाही. त्या मासा उचलून डोळा बघतात, अंगठ्याने दाबतात, कल्ला उघडून रंग बघतात आणि मग तो तसाच माझ्या नाकासमोर धरतात. सुरुवातीला मी म्हणायचो, माशाचा वास येतोय. त्या म्हणायच्या, तो येणारच, तो मासाच आहे. मग हळूहळू मला नीट सांगता येऊ लागलं. एकदा एका हलवा माशाचा वास घेऊन मी म्हटलं, आमच्या कारखान्यातल्या गोडाऊनसारखा येतोय. त्यांनी तो लगेच पाटीत परत ठेवला. कोळीण माझ्यावर रागावली आणि यांना काय कळतं माशातलं, असं सासूबाईंना म्हणाली.

"त्यांना काही कळत नाही," सासूबाई म्हणाल्या, "पण वास येतो," आणि पुढच्या पाटीकडे वळल्या.