टपावरची दोन पोती

पंधरा वर्षं मी पोरांच्या चुका लिहून ठेवल्या. बरोबर उत्तर सगळ्यांचं सारखंच असतं, ते लिहून काय मिळणार? चूक मात्र ज्याची त्याची असते आणि तिच्यामागं काहीतरी कारण असतं. हे मला निलंगा तालुक्यातल्या आमच्या जिल्हा परिषद शाळेतल्या पोरांनी शिकवलं. नांदेडला डी.एड. करताना फक्त पाठाचं टाचण काढायला आणि तक्ते रंगवायला शिकले होते.

शनिवारी सकाळची शाळा असते. तिचा शेवटचा तास मी चुकांना दिला होता. आठवडाभरात ज्याचं गणित चुकलं त्यानं फळ्यापाशी यायचं, तीच चूक परत करून दाखवायची आणि आपण असं का केलं ते सांगायचं. जो हसेल त्याचा नंबर पुढचा. एका पोरानं बावन्नातून सत्तावीस वजा करून पस्तीस आणले होते. मी कारण विचारलं तर म्हणाला, दोनातून सात जात न्हाईत, म्हणून सातातून दोन घेतले, कुणाचं तरी जायलाच पाहिजे ना. दुसऱ्यानं तीनशे चार हे ३००४ असे लिहिले, कारण आधी तीनशे लिहिले आणि मग चार. यात मूर्खपणा कुठं आहे? मला तर कुठं दिसला नाही. मी हे सगळं पोरांच्याच शब्दांत एका जाड पुठ्ठ्याच्या वहीत उतरवायचे. पोरं आधी बिचकायची. मग मी त्यांना शब्द दिला की ही वही माझ्याजवळच राहील, दुसऱ्या कुणाला दाखवणार नाही. त्यानंतर ती भडाभडा बोलायला लागली.

त्यांच्यात एक मुलगी होती. तिच्या वडिलांचं थोडं रान आणि एक छोटा टेम्पो. गणित असं होतं: सोयाबीनची पन्नास पोती मोंढ्यावर विकायला न्यायची आहेत, टेम्पोत एका वेळी आठ पोती बसतात, तर किती खेपा होतील? वर्गातल्या निम्म्यांनी सात म्हटलं, ते बरोबर. काहींनी सहा म्हटलं आणि उरलेली दोन पोती विसरून गेले. हिनंही सहाच म्हटलं, पण ती काही विसरली नव्हती.

"दोन पोत्यांसाठी परत कोण खेप मारतंय, मॅडम? पप्पा टपावर टाकतेत अन् दोरी बांधतेत."

मी त्या उत्तरावर फुली मारली नाही. पुस्तकाला सात पाहिजे, परीक्षेत सातच लिही, असं तिला समजावलं, पण वहीत तिचं उत्तर लिहिताना मला खरोखर आनंद झाला होता. इतका विचार करणारं लेकरू वर्गात असलं की पगार हलाल झाल्यासारखा वाटतो. तिची अजून तीन उत्तरं त्या वहीत होती, सगळी चुकलेली आणि सगळी डोक्यातून आलेली.

आता माझ्या मैत्रिणीबद्दल सांगते. नांदेडच्या वसतिगृहात आम्ही दोघी दोन वर्षं एका खोलीत राहिलो. दोघींनीही लहानपणी गणितापायी हातावर छड्या खाल्ल्या होत्या. दोघींनी ठरवलं होतं की आपल्या वर्गात चुकीसाठी कुणी मार खाणार नाही. ती लग्न होऊन लातूरला गेली आणि पुढं एका मोठ्या खाजगी क्लासमध्ये लागली. मी खेड्यात राहिले. भेटलो की वहीचा विषय निघायचाच, आणि ती मनापासून हसायची, मनापासून ऐकायची. एका दिवाळीच्या सुट्टीत तिनं वही मागितली. क्लासवर नवीन मुलं शिकवायला आलीत, त्यांना लेकरांचं डोकं कसं चालतं ते कळायला पाहिजे, आठ दिवसांत परत करते, म्हणाली.

पोरांना दिलेला शब्द मला आठवला नाही असं नाही. आठवला, आणि मी तो बाजूला सारला. मनात म्हटलं, ही काय परकी आहे?

वही आठ दिवसांत परत आली. वर प्लॅस्टिकचं कव्हर घातलेलं. आत समासात जागोजागी पेन्सिलीनं बारीक आकडे काढलेले, कुठं एक, कुठं दोन, कुठं चार. मला त्यांचा अर्थ लागला नाही. हिनं एकेक पान इतकं लक्ष देऊन वाचलं म्हणून मी हुरळून गेले. घरी नवऱ्याला उघडून दाखवली. आपलं काम कुणीतरी वाचतंय म्हटल्यावर माणूस किती खुळा होतो ते मला विचारा.

त्यानंतर दोनेक महिन्यांनी त्याच क्लासची जाहिरात आली. पाचवीच्या मुलांची परीक्षा घेणार, त्यातून खेड्यातल्या काही मुलांना सहावीपासून लातूरला ठेवून मोफत शिकवणार, राहणं-खाणं सगळं त्यांचं. मी त्या मुलीच्या घरी गेले. तिच्या आईनं एकच अट घातली. मोफतमध्ये नंबर लागला तर पाठवू, न्हाईतर इथंच सातवी होईल आणि मग बघू. ते 'मग बघू' म्हणजे काय असतं ते मला माहीत आहे. माझ्या कितीतरी मुली त्या 'मग बघू'त गेल्या. म्हणून मी तिला जिवापाड तयार केलं, आणि रविवारी एसटीनं स्वतः लातूरला घेऊन गेले.

ती पेपर देऊन बाहेर आली तेव्हा तिचा चेहरा नुसता फुलला होता.

"मॅडम, माझं उत्तर छापलेलं व्हतं! टपावर बांधून, असंच लिवलं व्हतं. म्या त्योच गोल काळा केला."

मला आधी काही कळेना. प्रश्नपत्रिका मुलांकडंच राहिली होती. लातूरच्या बसस्थानकावर बाकावर बसून मी ती उघडली. पन्नास पोती, आठ पोत्यांचा टेम्पो. चार पर्याय. दुसरा पर्याय होता: ६ खेपा, उरलेली २ पोती टपावर बांधून. पुढं बघितलं. ३००४ होतं. पस्तीस होतं. पान उलटावं तर आमच्या शनिवारचं कुणी ना कुणी तिथं चुकीच्या पर्यायात बसलेलं. समासातल्या पेन्सिलीच्या आकड्यांचा अर्थ मला त्या बाकावर लागला. कोणती चूक कितव्या पर्यायात टाकायची, त्याचे ते आकडे होते.

पोरीला सात हे उत्तर माहीत होतं. मीच सांगितलं होतं. पण स्वतःचं उत्तर कागदावर छापलेलं बघून तिला वाटलं, लातूरच्या मोठ्या सरांना ते पटलं असणार, नाहीतर छापलं कशाला असतं? खेड्यातलं लेकरू आहे ते. छापलेल्यावर त्याचा विश्वास असतो, आणि तो विश्वास आम्ही शिक्षकांनीच तर शिकवलेला असतो. तिनं तिचे चारही प्रश्न तसेच सोडवले होते. चुकीला उणे गुण होते.

केसानं गळा कापणं म्हणजे काय ते मला त्या दिवशी कळलं. मी तिथूनच मैत्रिणीला फोन लावला. आवाज चढवायचा नाही असं ठरवून लावला आणि पहिल्याच वाक्याला चढवला. तिला काही विशेष वाटलं नाही. चुकीचे पर्याय असेच तर काढतात, लेकरू जिथं घसरतं तिथंच पर्याय ठेवावा लागतो, नाहीतर चाळणी कशी लागणार, असं ती मला समजावून सांगायला लागली, जसं काही मी डी.एड.च्या पहिल्या वर्षाला आहे. मग तिनं विचारलं, "तुला काय, तुझं नाव टाकायला पाहिजे होतं का?"

दोन वर्षं एका ताटात जेवलेली बाई. मला नाव हवं असेल असं तिला वाटलं. मी फोन ठेवला. त्यानंतर आम्ही बोललो नाही. तिनंही फोन केला नाही, आणि याचंही मला वाईट वाटतं, ते का वाटावं हे कळत नाही.

यादी लागली. माझ्या विद्यार्थिनीचं नाव नव्हतं. किती गुणांनी हुकलं ते सांगायची पद्धत त्यांच्याकडं नाही. टपाच्या उत्तरानं गेलं की आणखी कशानं, हे मला कधीच कळणार नाही. तिच्या आईनं काही बोल लावला नाही. उलट चहा केला आणि म्हणाली, तुमी लई केलं तिच्यासाठी. मी अर्धा कप तसाच ठेवून निघाले.

शाळा सुरू झाली तशी ती सहावीत आली, माझ्याच वर्गात. पहिल्या शनिवारी शाळा सुटल्यावर सगळे गेले आणि ती थांबली. तिनं ते गणित घरी पुन्हा पुन्हा वाचलं असणार, कारण बोलताना ती अडखळली नाही.

"मॅडम, आमचं बोलणं त्यायला कसं कळलं? ती वही तुमी दिली व्हती का?"

हो म्हणायला मला एक क्षण मिळाला होता. पूर्ण एक क्षण. मी तिच्याकडं बघत होते, आणि आता ही पुन्हा कधी काही सांगणार नाही एवढंच मला दिसत होतं.

"नाही गं," मी म्हणाले. "त्यांनी चोरून घेतली."

 तिनं माझ्या हातावर हात ठेवला, मोठ्या बाईसारखा.

"जाऊ द्या मॅडम. तुमी काय करताल त्याला."

आता ती सातवीत आहे. अजूनही गणित चुकलं की वही घेऊन माझ्या टेबलापाशी येते आणि कुठं चुकलं, का चुकलं, काही न लपवता सगळं सांगते. बाकी कुणाला नाही, फक्त मला सांगते. मी मान खाली घालून ऐकते.